परांचीवरचा वेळू

कुर्ल्यांत एखादी नवी इमारत उठूं लागली कीं भिंतींबरोबर बांबूची परांचीहि चढूं लागते. काथ्यानें आवळलेल्या त्या बांबूंवर उभे राहून गवंडी आणि रंगारी आपलें काम उरकतात. काम संपलें म्हणजे परांची सुटते आणि बांबू पुढल्या इमारतीकडे रवाना होतात. ज्या घराला वर चढण्यास त्यांनीं खांदा दिला, त्या घराच्या दिवाणखान्यांत मात्र त्यांना जागा नसते. लग्नांतल्या सुपापासून अखेरच्या तिरडीपर्यंत वेळू माणसाची सोबत करतो. पण बसावयास खुर्ची हवी असली कीं सागवान आठवतें, आणि दिवा झांकावयाचा असला कीं कांच.

हा अव्हेर दूर व्हावा म्हणून ज्यांनीं आयुष्य वेंचलें, त्यांत सुनील देशपांडे यांचें नांव अग्रभागीं येतें. नानाजी देशमुख यांच्या चित्रकूट येथील ग्रामविकासाच्या कार्यांत ते कांहीं काळ होते. पुढें १९९० नंतरच्या दशकांत ते आणि त्यांच्या पत्नी निरुपमा यांनीं मेळघाटची वाट धरली. अमरावती जिल्ह्यांतील धारणी तालुक्यांत लवादा नांवाचें लहानसें गांव आहे. भोंवतीं कोरकू लोकांची वस्ती, जवळच जंगल, आणि पोटासाठीं दूरवर मजुरीला जाण्याची पाळी, अशी तेथील स्थिति होती. कुपोषणानें दगावणाऱ्या बालकांच्या वार्तांमुळें मेळघाटचें नांव त्या काळीं सर्वांच्या कानीं गेलें होतें. अशा ठिकाणीं या दांपत्यानें संपूर्ण बांबू केंद्र उभें केलें.

वेळूची दृष्टि त्यांना मिळाली ती नागपूरचे रचनाकार विनू काळे यांच्याकडून. ‘वेणुभारती’ हा वेळूविषयींचा ग्रंथ काळे यांचाच. वेळू हें झाड नसून गवत आहे, ही साधी गोष्ट या सर्व विचाराच्या मुळाशीं आहे. सागाचें खोड कामास येण्यास कित्येक दशकें जावीं लागतात. वेळूचा कोंब एकाच पावसाळ्यांत आपली पुरी उंची गांठतो, आणि तीन-चार वर्षांत काठी पक्की होते. बेटांतील पिकलेली काठी तेवढी तोडली तर बेट जिवंत राहतें व पुढल्या पावसांत नवे कोंब देतें. तेव्हां वेळूची खुर्ची म्हणजे जंगलाचें भांडवल न मोडतां त्याच्या व्याजांतून घेतलेली वस्तु होय.

परंतु वेळूचे स्वभावहि ओळखावे लागतात. काठींत पिष्टमय द्रव्य असतें आणि त्याच्या लोभानें कीड लागते. म्हणून जुने लोक वेळू वाहत्या पाण्यांत बुडवून ठेवीत. आतां टांकणखार आणि बोरिक आम्ल यांच्या पाण्यांत तो मुरवितात. काठी पोकळ व गोल असल्यामुळें सुताराच्या रीतीनें खिळा ठोकला तर ती उभी चिरते. तेथें आधीं भोंक पाडून खुंटी बसवावी लागते, आणि भार शक्य तों पेराजवळ घ्यावा लागतो. लाकडी खुर्चीची हुबेहूब नक्कल वेळूंत केली तर ती फसते. कारागिरानें वेळूलाच विचारावें, तुला कोठें वांकावयाचें आहे आणि कोठें ताठ राहावयाचें आहे; मग आकार आपोआप सुचतो. पातळ कामट्यांची विणलेली दिव्याची झांपहि अशीच. फटींतून उजेड झिरपतो आणि भिंतीवर बेटाची सांवली उमटते.

केंद्राच्या कामाचें खरें मर्म याहून खोल आहे. वेळूचें काम परंपरेनें बुरुडाचें. कोरकूंच्या हातांना जंगलाची ओळख होती, पण या धंद्याची नव्हती. लवादा येथें दोघांनाहि शिक्षण मिळालें. टोपलीपुरतें असलेलें कौशल्य खुर्ची, दिवा, राखी आणि घर येथवर गेलें. रचना करणारा एकटाच नांवाजला जावा आणि विणणारा अनामिक राहावा, ही शहरी रीत येथें उलटी झाली. पुढें बारा बलुतेदारांच्या विद्या नव्या पिढीस शिकवाव्या, म्हणून ‘ग्राम ज्ञानपीठ’ या गुरुकुलाचाहि उपक्रम या दांपत्यानें हातीं घेतला.

वाट सरळ नव्हती. १९२७ च्या वनकायद्यानें वेळूची गणना झाडांत केली होती. त्यामुळें स्वतःच्या शेतांतला वेळू तोडून नेण्यासहि परवान्याची कटकट असे. २००६ च्या वनहक्क कायद्यानें तो गौण वनोपज ठरला, आणि वनाबाहेर लावलेल्या वेळूची बेडी २०१७ च्या दुरुस्तीनें सुटली. बाजाराची अडचण मात्र कायद्यानें सुटत नाहीं. सांच्यांतून निघालेल्या प्लॅस्टिकच्या खुर्चीशीं हातानें घडविलेली खुर्ची किंमतीत स्पर्धा करूं शकत नाहीं. पावसांत उघड्यावर टाकली तर ती टिकतहि नाहीं. तिला गिऱ्हाईकाची थोडी समज आणि थोडी निगा हवी असते.

अशी समज निर्माण होऊं शकते, याचें उदाहरण जपानांत आहे. शिल्पकार इसामु नोगुची १९५१ सालीं गिफु येथें गेले. बांबूच्या कामट्या व हातकागद यांचे कंदील करणारे तेथील कारागीर त्यांनीं पाहिले आणि त्यांच्याच पद्धतीनें नव्या आकारांचे दिवे रचले. ते दिवे पुढें देशोदेशींच्या घरांत लागले. तंत्र जुनेंच होतें. त्याकडे पाहणारी दृष्टि तेवढी नवी होती.

मे २०२१ मध्यें कोरोनाच्या साथींत सुनील देशपांडे यांचें निधन झालें. माणूस गेला तरी हातांत उतरलेली विद्या जात नाहीं. खुर्च्या आणि दिवे किती झाले यापेक्षां किती हात शिकले, यावर अशा कार्याचें मोल ठरावयाचें.

कुर्ल्याला हा प्रश्न अगदींच नवा नाहीं. १८८६ सालीं जमशेटजी टाटांनीं येथलीच एक डबघाईस आलेली गिरणी विकत घेतली, तिला ‘स्वदेशी’ हें नांव दिलें, आणि तलम सूत काढण्याचा हेतु धरला. तलम माल परदेशांतूनच यावयाचा, अशी तेव्हांची समजूत होती. ती गिरणी आतां बंद आहे. पण वेळूविषयींची समजूत तशाच जातीची आहे, आणि ती मोडण्यास गिरणीहि लागत नाहीं. इमारत पुरी होऊन परांची सुटेल तेव्हां त्या घराच्या धन्यानें वेळूची एक खुर्ची, वेळूचा एक दिवा आंत आणावा. बाहेरून घर उभारणारा वेळू मग घरांतलाच होईल.