चिंचोक्यांचे पंचांग

(मंगळवार पेठ, कोल्हापूर येथे प्राथमिक शिक्षकांच्या बैठकीत केलेले भाषण)



आज आपण ज्या पेठेत जमलो आहोत, तिला वाराचे नाव आहे. याच शहरात बुधवार, शुक्रवार, शनिवार अशाही पेठा आहेत. समजा, वर्गातील एखाद्या चुणचुणीत मुलाने विचारले, "गुरुजी, आज मंगळवार आहे हे आकाशात कुठे दिसते?", तर आपण काय उत्तर द्याल? दिवस सूर्य दाखवतो, महिना चंद्र दाखवतो, वर्ष ऋतू दाखवतात. सात वारांचा आठवडा मात्र आकाशात कोठेही दिसत नाही. तो माणसांनी ठरविला आणि सर्वांनी पाळला, म्हणून तो आहे. कालगणना म्हणजे निसर्गाशी मेळ घालून माणसांनी आपसांत केलेला करार होय. आपण हा विषय 'तीस दिवसांचे महिने कोणते' एवढ्या पाठांतरावर संपवितो. त्यामुळे मुलाला महिने पाठ होतात, पण ते असे का, हे कळत नाही.

यावर एक उपाय मी चौथीच्या वर्गात करून पाहिला आहे. मुलांना सांगावे, "आपण एका कल्पित जगात गेलो आहोत. तिथले वर्ष शंभर दिवसांचे आहे आणि तिथला चंद्र एका पौर्णिमेपासून नऊ दिवसांनी पुन्हा पूर्ण होतो. तिथल्या लोकांना पंचांग करून द्या." साहित्य म्हणजे शंभर चिंचोके. मुले नऊ-नऊचे ढीग लावतात. अकरा ढीग होतात आणि एक चिंचोका उरतो. येथेच खरा पाठ सुरू होतो. उरलेल्या दिवसाचे काय करावयाचे? कोणी म्हणते, "त्याला सुट्टी द्या." कोणी म्हणते, "शेवटचा महिना दहा दिवसांचा करा." पण मग चंद्राशी मेळ राहत नाही. वाद घालता घालता एखादी मुलगी उठून सांगते की, दर वर्षी एक उरतो, तर नऊ वर्षांनी नऊ उरतील, आणि त्यांचा एक जास्त महिना होईल. अधिक महिना तिने स्वतःच्या बुद्धीने शोधून काढलेला असतो!

यानंतर मुलांना आपल्या जगात परत आणावे. आपल्याकडे चंद्राचे बारा महिने सुमारे ३५४ दिवसांत संपतात आणि ऋतूंचे वर्ष सुमारे ३६५ दिवसांचे असते. दर वर्षी सुमारे अकरा दिवसांचा फरक पडतो, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक मास धरावा लागतो. तो धरलाच नाही तर काय होईल, हे जोतिबाच्या उदाहरणाने सांगावे. चैत्र पौर्णिमेची यात्रा दर तीन वर्षांनी महिनाभर अलीकडे सरकेल, आणि चोवीस-पंचवीस वर्षांनी ती ऐन जुलैच्या पावसात डोंगरावर भरेल. हे उदाहरण कोल्हापूरच्या मुलाला दोनदा सांगावे लागत नाही.

नवी कालगणना केवळ कल्पित जगातच घडते असे नाही. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६ या दिवशी, म्हणजे त्या काळच्या ज्युलियन गणनेप्रमाणे ६ जून १६७४ रोजी, रायगडावर शिवछत्रपतींचा राज्याभिषेक झाला आणि राज्याभिषेक शक सुरू झाला. त्यात महिने व तिथी पूर्वीच्याच राहिल्या. वर्षाचा आकडा मात्र पाडव्याला न बदलता ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला बदलू लागला. महाराजांचे निधन चैत्र शुद्ध पौर्णिमेस, ३ एप्रिल १६८० रोजी झाले. तेव्हा पाडवा होऊन शके १६०२ लागले होते, पण राज्याभिषेक शकाचे सहावे वर्षच चालू होते. हे गणित मुलांकडून फळ्यावर करून घ्यावे. आपले राज्य झाले, तर आपली वर्षेही आपण मोजू, ही त्यामागील भावना मुलांना सहज उमगते.

स्वतंत्र भारतातही असेच घडले. देशात सुमारे तीस पंचांगे प्रचलित होती. डॉ. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली १९५२ मध्ये समिती नेमण्यात आली, आणि २२ मार्च १९५७ हा दिवस १ चैत्र १८७९ मानून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिच्यात वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने ३१ दिवसांचे आहेत, कारण त्या काळात पृथ्वी सूर्यापासून दूर असल्याने किंचित मंद गतीने फिरते. चैत्र ३० दिवसांचा असतो आणि लीप वर्षी ३१ दिवसांचा होतो. बाकीचे सहा महिने ३० दिवसांचे. बेरीज मुलांना करू द्यावी.

आता माझ्या एका चुकीविषयी सांगतो. १९९० च्या सुमारास मी नवा शिक्षक होतो. एक माउली मुलाला घेऊन शाळेत आली. जन्मतारीख विचारली, तर म्हणाली, "इंदिराबाई गेल्या त्या सालच्या नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी झालाय बघा, गुरुजी." मी हसलो आणि दाखलखारिज रजिस्टरात '१ जून' लिहिले. तेव्हा बहुतेक शाळांत तसेच चाले. वस्तुतः त्या बाईने वर्ष, महिना आणि तिथी अचूक सांगितली होती. १९८४ चे पंचांग उघडले असते, तर तारीख दोन मिनिटांत मिळाली असती. तिला तिचे पंचांग पक्के ठाऊक होते, मलाच ते वाचता आले नाही. तो मुलगा आज चाळिशी ओलांडलेला गृहस्थ आहे. त्याच्या प्रत्येक कागदावर माझ्या हातची चुकीची तारीख आहे.

आज जन्माचा दाखला बहुधा हाती येतो. तरी स्थलांतरित कुटुंबाचे मूल दाखल्याविना आले, तर त्याला प्रवेश नाकारता येत नाही, आणि मग आईच्या तोंडची खूणच आपला आधार असते. ती लक्षपूर्वक ऐकावी, जुन्या पंचांगाशी ताडून पाहावी आणि मगच लेखणी उचलावी.

तेव्हा पुढच्या आठवड्यात शंभर चिंचोके घेऊन वर्गात बसा. वर्गाने केलेले पंचांग भिंतीवर लावा. दिवस मोजण्याच्या रीती अनेक असतात, आणि दुसऱ्याची रीत समजून घेणे हेही शिक्षणच आहे, एवढे मुलांना कळले तरी पाठ सफल झाला. हा पाठ मला मात्र फार उशिरा कळला.