निकाल लागला, पण अंमल कुठे?
(बीड येथील गिरणी कामगारांच्या सभेत केलेले भाषण)



कोर्टात जिंकलो की आपण गुलाल उधळतो. दुसऱ्या दिवशी फाटकावर गेलो की उत्तर मिळते, "वरून काही कागद आला नाही." निकाल आपला, अन् चूल मात्र थंड! अशा वेळी काय करायचे, तेच आज आम्ही सांगणार आहोत.

कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून न पाळणे म्हणजे कोर्टाचा अवमान. १९७१ च्या कायद्यात त्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही सांगितले आहे.

कोणी म्हणेल, मोठ्यांना कोण हात लावतो? तर ऐका. लाकूड कापणाऱ्या सॉ मिलबाबत सुप्रीम कोर्टाचे हुकूम होते. ते डावलून महाराष्ट्रात काही मिलांना परवानगी दिली गेली. १० मे २००६ रोजी सुप्रीम कोर्टाने मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि सचिव अशोक खोत यांना एकेक महिन्याची कैद सुनावली. माफी मागितली, तीही मानली नाही. हुकमापुढे लाल दिव्याची गाडी चालली नाही, तिथे मालकाची काय कथा!

पण नुसत्या रागाने अर्ज टिकत नाही. म्हणून ध्यानात ठेवा :

१. हुकमाची शिक्क्याची नक्कल मालकाला पोचवा अन् पोच घ्या. "आम्हांला माहीतच नव्हते" ही पळवाट आधी बुजवा.

२. "अपील केले आहे" या बोलण्याला भुलू नका. नुसत्या अपिलाने हुकूम थांबत नाही. स्थगिती कुठे आहे, ते विचारा.

३. अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करा. उद्या बघू, परवा बघू, यातच वर्ष सरते.

४. हुकमात नाही ते मागू नका. कामावर घेण्याचा हुकूम असेल, तर त्याच अर्जात बोनस मिळत नाही. अन् खरी अडचण असली, किंवा हुकमाचे दोन अर्थ निघत असले, तर शिक्षा होत नाही.

हुकूम लेबर कोर्टाचा असेल तर वाट वेगळी असते. ते वकिलाला आधी विचारा. आणि हाच कायदा आपल्यालाही लागू आहे. फाटकापाशी सभा घेऊ नका असा हुकूम झाला, तर तो मोडायचा नाही, वरच्या कोर्टात लढायचा.

शेवटी भाषेचे. १ नोव्हेंबर १९५६ ला आपला बीड जिल्हा हैदराबाद राज्यातून सुटला. १ मे १९६० ला मराठी राज्य झाले. १९८१ मध्ये औरंगाबादला खंडपीठ आले, मुंबईची खेप वाचली. पण हायकोर्टाचा हुकूम अजून इंग्रजीतच येतो. ज्याच्या भाकरीचा निकाल, त्यालाच तो वाचता येत नाही! राज्यपालांनी राष्ट्रपतींच्या संमतीने हायकोर्टाच्या कामात दुसरी भाषा आणण्याची सोय घटनेच्या ३४८ व्या कलमात आहे. ती मागणी आपण लावून धरू. तोवर प्रत्येक हुकूम मराठीत करून घ्या अन् फाटकावर मोठ्याने वाचा. हुकूम काय आहे हे ज्याला ठाऊक, त्यालाच तो मोडला गेल्याचे कळते.

निकाल कोर्ट देईल, अंमल आपल्या एकजुटीने होईल!

कामगार एकजुटीचा विजय असो! जय महाराष्ट्र!