पाच स्वर आणि सहा तारा

(धर्मग्रामाच्या महोत्सवानिमित्त गायकवृंदासमोर झालेले भाषण)



महोत्सवाच्या या मंगल प्रसंगी धर्मग्रामाच्या इतिहासाविषयी बोलणारे अधिकारी वक्ते आपणांस लाभले आहेत. चर्चच्या एका कोपऱ्यात बसून आयुष्यभर तारा छेडणाऱ्या मजसारख्याने येथे उभे राहून काय बोलावे, असा मला प्रश्न पडला होता. तो आमच्या तरुणांनीच सोडविला. गेल्या उपवासकाळात ते मजकडे आले व म्हणाले, "काका, आम्हांला गिटारवरील मायनर पेंटॅटॉनिक स्केल शिकवा." त्यांची इच्छा ऐकून काही वडील मंडळींनी कपाळाला आठ्या घातल्या. हे नाचगाण्याचे सूर मिस्साबळीत कशाला, असे त्यांचे म्हणणे. दोन्ही पक्षांचे मला ऐकावे लागले, आणि दोन्ही पक्षांत काही सत्य आहे असे मला वाटले. म्हणून आज याच विषयावर चार शब्द बोलण्याची मी अनुज्ञा घेतो.

प्रथम हे स्केल म्हणजे काय ते पाहू. नाव परदेशी असले तरी वस्तू परकी नाही. षड्ज, कोमल गंधार, मध्यम, पंचम आणि कोमल निषाद, असे हे पाच स्वर. ऋषभ आणि धैवत यांना येथे रजा दिलेली आहे. एका स्वरावरून दुसऱ्यावर जाताना अनुक्रमे तीन, दोन, दोन, तीन आणि दोन अर्धस्वरांचे अंतर पडते व आपण तार षड्जावर पोहोचतो. आपल्या संगीतशास्त्रात पाच स्वरांच्या रागास औडव जातीचा राग म्हणतात, आणि नेमक्या याच पाच स्वरांचा धानी नावाचा राग काफी थाटात गणला जातो. काही गवई त्यात उतरताना ऋषभाचा किंचित स्पर्श करतात, एवढाच काय तो फरक. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांनी दुःखाच्या दिवसांत जी गीते रचली, त्यांतही हेच पाच स्वर पुनःपुन्हा येतात. आणि आपल्या आज्या जात्यावर ज्या ओव्या गात, त्यांचा विस्तारही बहुधा चार-पाच स्वरांपलीकडे जात नसे. थोड्या स्वरांत पुष्कळ सांगण्याची कला गरिबांना सर्वत्रच साधलेली दिसते. फादर थॉमस स्टीफन्स यांनी ख्रिस्तपुराण रचले, ते 1616 साली गोव्यात राशोल येथे छापून निघाले. त्यांनी त्यासाठी निवडला तो ओवीचाच छंद, हे येथे ध्यानी घेण्याजोगे आहे.

आता हात कोठे ठेवावा ते सांगतो. गिटारच्या सर्वांत जाड तारेवर पाचव्या पडद्यावर तर्जनी ठेवा. हा आपला षड्ज. पेटीवर हा स्वर पांढरी सहा होय. त्याच तारेवर आठव्या पडद्यावर करंगळीने कोमल गंधार. दुसऱ्या तारेवर पाचव्या पडद्यावर मध्यम, सातव्यावर अनामिकेने पंचम. तिसऱ्या तारेवर पाचव्यावर कोमल निषाद आणि सातव्यावर वरचा षड्ज. चौथ्या तारेवर पुन्हा पाच व सात, म्हणजे वरचे गंधार आणि मध्यम. शेवटच्या दोन बारीक तारांवर पाच व आठ. तेथे पंचम, निषाद, त्याहून वरचा षड्ज आणि अखेरचा गंधार मिळतो. सहा तारा, प्रत्येकीवर दोन, असे एकंदर बारा स्वर हाताखाली येतात आणि मनगट जागचे हलवावे लागत नाही.

या आकृतीचा मोठा गुण असा की ती जशीच्या तशी सरकविता येते. गायकवृंदाची पट्टी उतरली आणि पांढरी पाच हा षड्ज धरावा लागला, तर तर्जनी तिसऱ्या पडद्यावर न्या. बोटांची चाल तीच राहील. आमच्या पेटीवाल्या भगिनींसाठीही एक गंमत सांगतो. पेटीवरील पाच काळ्या पट्ट्या म्हणजे पाच स्वरांचेच एक तयार कुटुंब आहे. काळी दोनला षड्ज मानून केवळ काळ्या पट्ट्यांवरून वर गेलात, की हाच धानीचा स्वरसमूह वाजेल. गिटारवाल्याने त्या वेळी जाड तारेच्या अकराव्या पडद्यावर बोट ठेवावे. पेटी आणि गिटार यांचे भांडण आहे असे मानणाऱ्यांनी हा प्रयोग एकदा अवश्य करून पाहावा.

परंतु बोटांची चाल कळली म्हणजे विद्या आली असे होत नाही. येथून पुढे खरी गोष्ट सुरू होते, आणि ती घराची गोष्ट आहे.

पाचव्या पडद्यावर मांडलेले हेच पाच स्वर घ्या. एकही बदलू नका. मात्र विसाव्यासाठी पाचव्या पडद्यावर न येता आठव्या पडद्यावरील स्वरावर या व त्यालाच षड्ज माना. पूर्वीचा मध्यम आता ऋषभ झाला, पंचम शुद्ध गंधार झाला, निषाद पंचम झाला आणि जुना षड्ज धैवत झाला. म्हणजे सा, रे, ग, प, ध हा भूपाचा स्वरसमूह हाती आला! क्षणापूर्वी जे स्वर उदास वाटत होते, तेच आता सायंकाळी दिवा लागलेल्या घरासारखे प्रसन्न वाटू लागतात. याच रीतीने पंचमास घर मानले तर मालकंसाचे स्वर, मध्यमास मानले तर मधमाद सारंगाचे आणि निषादास मानले तर दुर्गा रागाचे स्वर मिळतात. आपले शास्त्रकार या युक्तीस मूर्च्छना म्हणत. राग केवळ स्वरांच्या यादीने सिद्ध होत नाही, त्याला चलन लागते, न्यास लागतो, हे मी जाणतो. तथापि घर बदलले की भाव बदलतो, एवढे तरी या प्रयोगाने कोणासही पटेल.

म्हणून अभ्यास करताना वेगाच्या मागे लागू नका. घड्याळाच्या सेकंदाच्या काट्याबरोबर एकेक स्वर वाजवा. बारा स्वर वर जाऊन परत येण्यास या गतीने अर्धे मिनिटही लागत नाही. आधी स्वर कंठातून काढा, मग तारेतून. जो स्वर तुम्हांला गाता येत नाही तो तुमच्या बोटांना ठाऊक आहे असे समजू नका. एक घाव खाली, एक घाव वर, असा उजव्या हाताचा क्रम मोडू देऊ नका. त्यानंतर पलटे घ्या: सा ग म, ग म प, म प नी, प नी सां, आणि परत सां नी प, नी प म, प म ग, म ग सा. तीन वेळा एकही चूक न होता वाजले, तरच गती किंचित वाढवा. चूक झाली तर पुन्हा मागे या. मागे येण्यात कमीपणा नाही.

गिटारच्या पडद्यांत स्वर बांधलेले असतात, म्हणून तिच्यावर आपली मींड येत नाही अशी एक तक्रार आहे. तीवर उपाय आहे. जाड तारेकडून मोजून चौथ्या तारेच्या सातव्या पडद्यावर मध्यम आहे. तेथे अनामिका ठेवून, मागे मधल्या बोटाचा व तर्जनीचा आधार देऊन, तार वरच्या बाजूस ओढा. मध्यमाचा पंचम होईल. मात्र तो नेमका पंचमावरच थांबला पाहिजे. अलीकडे राहिला किंवा पलीकडे गेला तर कानास बोचतो. आधी पंचम साधा वाजवून कानात साठवा, मग तार ओढून त्याच्याशी ताडून पाहा. ब्रिजभूषण काबरा यांनी आणि नंतर पंडित विश्वमोहन भट्ट यांनी तारेवर धातूची कांडी फिरवून गिटारमधून आपले रागसंगीत काढले, व त्याला जगाने मान दिला. पंडितजींना 1994 साली ग्रॅमी पारितोषिक मिळाले. वाद्य कोणाचे, हा प्रश्न वाजविणाऱ्याच्या कानाने सुटतो.

आता माझ्या हातून घडलेला एक प्रमाद सांगितल्यावाचून मला राहवत नाही. मी विशीत असताना एका गावी अंत्यविधीच्या मिस्साबळीस वाजविण्यासाठी गेलो होतो. हीच पाच स्वरांची विद्या मला नुकतीच आली होती आणि ती दाखविण्याची मोठी हौस होती. मृत मनुष्याच्या वृद्ध आईने एक साधे गीत गाण्यास सांगितले होते. लोक गाऊ लागले, आणि मी प्रत्येक ओळीवर माझ्या ताना पसरू लागलो. दुसऱ्या कडव्यापर्यंत निम्मे लोक गप्प झाले. तिसऱ्या कडव्यात एकटे गिटार वाजत राहिले. मला वाटले, लोक तल्लीन झाले! बाहेर आल्यावर त्या माउलीने माझ्या डोक्यावर हात ठेवला व ती म्हणाली, "बाळा, छान वाजवलेस, पण मला माझ्या मुलासाठी गाता आले नाही." ती रागावली असती तर मी कदाचित विसरलो असतो. तिने आशीर्वाद दिला, म्हणून आजतागायत विसरलो नाही.

मित्रहो, वडीलधाऱ्या मंडळींच्या आठ्यांत जे सत्य आहे ते हेच होय. पोप दहावे पायस यांनी 22 नोव्हेंबर 1903 रोजी, म्हणजे संगीताची आश्रयदात्री संत सिसिलिया हिच्या सणाच्या दिवशी, पवित्र संगीताविषयी जो आदेश काढला, त्यात पियानोस व गोंगाट करणाऱ्या वाद्यांस चर्चमध्ये मज्जाव केला होता. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने 4 डिसेंबर 1963 च्या उपासनाविषयक घटनेत निराळे दार उघडले: ऑर्गनचा मान कायम राखून, पवित्र कार्यास योग्य अशा इतर वाद्यांस अनुमती दिली आणि प्रत्येक लोकसमाजाच्या स्वतःच्या संगीतपरंपरेस योग्य मान देण्यास सांगितले. मात्र 1967 च्या संगीतविषयक सूचनेत हेही बजावले की वाद्यांनी कंठांना आधार द्यावा. वाद्याच्या आवाजात गीताचे शब्द बुडता कामा नयेत. उपवासकाळात तर थोडे अपवाद वगळता वाद्य केवळ गायनाच्या आधारापुरतेच वाजवावे असा नियम आहे. गिटारला अनुमती आहे. दिमाखाला ती पूर्वीही नव्हती, आजही नाही.

आपण कर्जत-खालापूरची माणसे. आपणांस हे समजण्यास दूर जावे लागत नाही. 1863 साली बोरघाटाचा लोहमार्ग खुला झाला. त्याचा चढ 37 फुटांस 1 फूट इतका तीव्र आहे. म्हणून आजही घाट चढणाऱ्या अनेक लांब पल्ल्याच्या गाड्यांना कर्जत स्थानकात मागून इंजिने जोडतात. गाडी थांबते, उतारू खाली उतरून वडे घेतात, आणि मागे इंजिन कधी लागले हे पुष्कळांना कळतही नाही. गाडीचे नाव त्या इंजिनाला मिळत नाही. घाट चढला की ते निमूटपणे सुटते. परंतु ते नसते तर गाडी घाट चढती काय? गायकवृंदाचा गिटारवाला असा असावा. गाडी म्हणजे आपली मंडळी, चढ म्हणजे त्यांची प्रार्थना. आपण मागून बळ द्यावयाचे.

म्हणून माझा एक साधा नियम लिहून ठेवा. जेथे लोकांच्या मुखी शब्द आहे, तेथे तान नको. स्वरांची साथ पुरे. ओळ संपून लोक जेथे श्वास घेतात, तेथे या पाचांपैकी दोन स्वर वाजवा, फार तर तीन, आणि पुढच्या ओळीच्या पहिल्या स्वराच्या दारात लोकांना आणून सोडा. अर्पणाच्या वेळी अथवा ख्रिस्तशरीर स्वीकारल्यानंतर, उपवासकाळ नसेल व फादरांची संमती असेल, तर शांतपणे थोडे अधिक वाजवा. त्यासाठीच पलट्यांचा एवढा अभ्यास. ज्याला बाराही स्वर निर्दोष येतात, त्याचेच दोन स्वर शोभतात. ज्याला दोनच येतात, त्याचे दोनही डळमळतात. गप्प राहण्यासाठीसुद्धा हात तयार लागतो.

वडीलधाऱ्या मंडळींनाही माझी एक विनंती आहे. या मुलांना अडवू नका. त्यांच्या बोटांच्या टोकांना घट्टे पडत आहेत, संध्याकाळी इतर मुले मैदानात असताना ती पलटे घोटीत आहेत. हाही प्रार्थनेचा एक प्रकार होऊ शकतो. त्यांच्या शेजारी बसून आपण मोठ्याने गा. आपण गाऊ लागलात, की त्यांना आपोआप हळू वाजवावे लागेल.

ज्या पूर्वजांनी येथे प्रथम प्रार्थनेसाठी गुडघे टेकले, त्यांच्यापाशी वाद्ये होती की नव्हती, यास फारसे महत्त्व नाही, कंठ होते. पुढील महोत्सवास आपल्यापैकी काही जण येथे नसतील. त्या दिवशी या चर्चमध्ये कोणीतरी तरुण सहा तारांवर पाच स्वर वाजवीत असेल, आणि त्याच्या वाजविण्यापेक्षा लोकांचे गाणे मोठे ऐकू येत असेल, तर आजच्या या भाषणाचे सार्थक झाले असे मी समजेन. स्वर पाचच आहेत. विसाव्याचे घर कोणते, ते विसरू नका.

परमेश्वर आपल्या कंठांना आणि हातांना आशीर्वाद देवो. आमेन.