गाळलेली जागा
(बारामती व इंदापूर परिसरातील मंडळ्यांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



आज दोन शब्दांविषयी बोलतो. पहिला 'लोप'. तो 'लुप्' या संस्कृत धातूपासून आला. तोडणे, हिरावून घेणे हा धातूचा अर्थ. पाणिनीने व्याकरणात लोप म्हणजे 'अदर्शन' असे सांगितले आणि पुढे नियम दिला, की प्रत्ययाचा लोप झाला तरी त्याचे कार्य शिल्लक राहते.

पारधी वस्तीवर गेलो की मला हा नियम आठवतो. इंग्रज सरकारने १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा केला. जमातीत जन्मलेला तो संशयित ठरला. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी हा कायदा रद्द झाला. कायद्याचा लोप झाला, पण त्याचे कार्य राहिले. आजही गावात चोरी झाली की बोट आधी पालाकडे वळते.

दुसरा शब्द आपल्या स्वयंपाकघरातला, 'गाळणे'. तो 'गळणे'पासून झाला. पाणी गाळले की कचरा फडक्यात राहतो. यादीतून नाव गाळले की माणूसच बाहेर राहतो.

महाराष्ट्रात पारधी अनुसूचित जमातीच्या यादीत आहेत. पण जातीच्या दाखल्यासाठी ६ सप्टेंबर १९५० पूर्वीच्या वास्तव्याचा पुरावा मागतात. तेव्हा पाठीवर बिऱ्हाड घेऊन फिरणाऱ्या आजोबांकडे ना सातबारा, ना शाळेचा दाखला. जमात यादीत आहे, पण नातवाच्या हातात कागद नाही. मग शिष्यवृत्तीही अडते.

मत्तयाच्या २३व्या अध्यायात प्रभू परूश्यांना म्हणतो, की तुम्ही मुरकूट गाळता आणि उंट गिळता. पुदिना, शेप, जिरे यांचा दशमांश ते मोजून देत. न्याय, दया आणि विश्वास मात्र त्यांनी सोडून दिले होते. चाळणी बारीक होती, पण गाळायचे काय आणि ठेवायचे काय, हेच उलटे झाले होते.

शाळेत आपण 'गाळलेल्या जागा भरा' हा प्रश्न सोडवला. तोच आता सोडवायचा आहे. प्रत्येक मंडळीने एका कुटुंबाचा हात धरावा. जुन्या शाळेचे रजिस्टर आणि गावची जन्म-मृत्यूची नोंदवही शोधायला त्यांच्यासोबत जावे. तहसील कचेरीत रांगेत त्यांच्या शेजारी उभे राहावे. वडिलांकडच्या नात्यातील एकाला दाखला मिळाला, की भावंडांची वाट सोपी होते.

देणगी द्याच, पण सोबत आपला एक दिवसही द्या. प्रभू आपणांस आशीर्वाद देवो.