फुंकर, पंखा आणि एक गुणांक
(स्नेहमेळाव्याच्या सकाळच्या सत्रात केलेल्या भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी मला सांगितलं, "तुझ्या क्षेत्रातलं काहीतरी बोल, पण सगळ्यांना कळेल असं." माझं क्षेत्र सॉफ्टवेअर, पण पदवी यंत्र अभियांत्रिकीची. आपल्या पिढीत शाखा कुठलीही घ्या, शेवटी संगणकासमोरच बसायचं असा रिवाजच होता. तरी त्या पदवीतला एक विषय अजून माझ्या कामात रोज येतो, कारण सर्व्हरच्या खोल्या थंड ठेवणाऱ्या यंत्रणांचे प्रोग्रॅम मी लिहिते. विषय आहे अभिसरणाने होणारं उष्णतेचं संक्रमण. तो आज निवडण्याचं आणखी एक कारण आहे. पत्र्याच्या दोन वर्गखोल्यांसाठी जमलेल्या निधीतून पंखे घ्यायचे का, हे आपण दुपारच्या बैठकीत ठरवणार आहोत. त्या निर्णयाशी याचा थेट संबंध आहे.

वहन, अभिसरण आणि प्रारण हे तीन शब्द इथल्या प्रत्येकाने कधी ना कधी फळ्यावरून उतरवून घेतले आहेत. चमच्याची दांडी तापते ते वहन, उन्हाने पाठ भाजते ते प्रारण आणि वाहत्या हवेने किंवा पाण्याने उष्णता नेली तर ते अभिसरण. चहा बशीत ओतला की पृष्ठभाग वाढतो. फुंकर घातली की पृष्ठभागावरची गरम हवा आणि वाफ हटते. दोन्हींनी चहा लवकर निवतो. बशीचा फरक पट्टीने मोजता येतो. फुंकरीचा फरक मोजायचा कसा?

त्यासाठी एक गुणांक आहे. इंग्रजीत तो 'एच' या अक्षराने लिहितात, म्हणून मीही एचच म्हणते. एक चौरस मीटर पृष्ठभाग भोवतालच्या हवेपेक्षा एक अंशाने गरम असेल, तर त्यातून दर सेकंदाला किती ज्यूल उष्णता जाते, तो आकडा म्हणजे एच. एकूण उष्णता हवी असेल तर एच, क्षेत्रफळ आणि तापमानातला फरक यांचा गुणाकार करायचा. सूत्र सातवीच्या मुलालाही जमेल इतकं सोपं आहे. सगळी अडचण त्या एचमध्ये आहे.

तांब्याची घनता पुस्तकात मिळते, विशिष्ट उष्मा मिळतो, वाहकताही मिळते. ते त्या धातूचे गुण आहेत, भांडं बदललं म्हणून बदलत नाहीत. एच मात्र तांब्याचाही नाही आणि हवेचाही नाही. हवा किती वेगाने वाहते, वस्तू गोल आहे की सपाट, उभी आहे की आडवी, तिचा गरम भाग वर आहे की खाली, या सगळ्यांवर तो अवलंबून असतो. संथ हवेत तो साधारण २ ते २५ असतो. वाऱ्यात किंवा पंख्यापुढे २५ ते २५०. वाहत्या पाण्यात १०० पासून २०,००० पर्यंत जातो आणि उकळत्या पाण्यात २,५०० पासून लाखापर्यंत. म्हणून 'हवेचा एच किती?' या प्रश्नाला एकच उत्तर नसतं. आधी विचारावं लागतं, कुठली हवा, कशावरून आणि किती वेगाने वाहणारी?

याची पहिली चाहूल न्यूटनला लागली होती. १७०१ साली त्याने उष्णतेच्या मोजपट्टीवर एक लॅटिन निबंध निनावी छापला. त्यात तापलेलं लोखंड किती वेळात निवतं हे त्याने पाहिलं, पण ते लोखंड संथ हवेत न ठेवता एकसारख्या वाऱ्यात ठेवलं. लोखंडाने तापवलेली हवा वाऱ्याने सतत दूर जावी आणि तिच्या जागी तितकीच थंड हवा यावी, हा त्यामागचा विचार. एच स्थिर राहिला तरच नियम साधा राहतो, हे त्या शब्दाच्या जन्माआधीच त्याने हेरलं होतं.

एच इतका बदलतो का, याचं उत्तर मिळायला दोनशे वर्षं लागली. १८८३ मध्ये मँचेस्टरला ऑस्बॉर्न रेनॉल्ड्सने काचेच्या नळीतल्या पाण्यात रंगाची बारीक धार सोडली. पाणी हळू असताना धार सरळ रेघेसारखी राहिली, वेग वाढल्यावर विस्कटून सगळीकडे पसरली. १९०४ मध्ये लुडविग प्रांटलने सांगितलं की वाहणारा द्रव पृष्ठभागाला लागून थांबतो आणि तिथे त्याचा एक पातळ सीमास्तर तयार होतो. उष्णतेला जो अडथळा होतो तो मुख्यतः याच थरात. फुंकर घातली की थर पातळ होतो आणि एच वाढतो. हिवाळ्यात आपण गोधडीत शिरतो, तेव्हा त्याच्या उलट करतो, हवेचा थर जाड करून तिला जागच्या जागी अडकवून ठेवतो.

मग १९१५ मध्ये विल्हेल्म नुसेल्टने मोठी सोय केली. प्रत्येक नळी, प्रत्येक द्रव आणि प्रत्येक वेग यांसाठी वेगळा प्रयोग करत बसलो तर आयुष्य पुरणार नाही. त्याने या सगळ्या राशींचे असे गट केले की एककंच उरत नाहीत, निव्वळ अंक राहतात. त्यांतल्या एकाला आज नुसेल्ट अंक म्हणतात, बाकीच्यांना रेनॉल्ड्स आणि प्रांटल यांची नावं मिळाली. आता एका नळीतल्या पाण्यावर केलेला प्रयोग दुसऱ्या नळीतल्या हवेलाही उपयोगी पडू लागला. आम्ही परीक्षेत पाठ केलेलं डिटस आणि बोल्टर यांचं सूत्र १९३० चं. त्यात सुरुवातीला ०.०२३ हा आकडा येतो. तो कुठल्या सिद्धांतातून निघालेला नाही. प्रयोगांचे बिंदू आलेखावर मांडून, त्यांतून बसेल अशी रेषा काढून तो मिळाला आहे. प्रवाह चांगला खळबळलेला, म्हणजे रेनॉल्ड्स अंक १०,००० च्या वर असेल आणि नळी पुरेशी लांब असेल, तरच ते सूत्र वापरायचं, आणि तरीही २५ टक्क्यांपर्यंत चूक होऊ शकते असं पाठ्यपुस्तकच सांगतं.

हा गुणांक शाळेतही काढता येतो. १०० ग्रॅमचा ॲल्युमिनियमचा ठोकळा घ्या. त्याची बाजू साधारण ३.३ सेंटिमीटर आणि पृष्ठभाग सुमारे ६७ चौरस सेंटिमीटर भरेल. त्यात भोक पाडून तापमापीचा फुगा बसवा, उकळत्या पाण्यात तापवा, पुसा आणि दोऱ्याने टांगा. खोली ३० अंशांची असेल, तर ठोकळा ९० वरून ६० वर येईपर्यंतचा वेळ मोजा, कारण तेवढ्यात फरक बरोबर निम्मा होतो. संथ हवेत साडेपंधरा मिनिटं लागली, तर गणिताने एच १० येतो. पंख्यापुढे ५ मिनिटं लागली, तर तो ३१ येतो. हे वेळ मी समजावण्यासाठी घेतले आहेत, खरे वेळ ज्याने त्याने आपल्या घड्याळावर पाहायचे. यात थोडा वाटा प्रारणाचाही असतो, म्हणून ठोकळा चकचकीत ठेवायचा. आणि ॲल्युमिनियमच का? तर त्यातून उष्णता झपाट्याने वाहते, त्यामुळे ठोकळ्याचं आतलं आणि बाहेरचं तापमान जवळपास सारखं राहतं.

असाच साधा प्रयोग अंटार्क्टिकावर झाला होता. १९३९–४१ च्या अमेरिकी मोहिमेत पॉल सिपल आणि चार्ल्स पॅसेल यांनी प्लॅस्टिकच्या नळकांड्यात २५० ग्रॅम पाणी भरून ते उघड्या वाऱ्यात टांगलं आणि सगळं पाणी गोठायला किती वेळ लागतो ते मोजलं. बर्फाचा अप्रकट उष्मा ग्रॅमला ८० कॅलरी, हे आपण सगळ्यांनी घोकलं आहे. म्हणजे गोठताना २०,००० कॅलरी बाहेर जाणार हे ठरलेलं. मग वेळ कळला की वाऱ्याने किती वेगाने उष्णता नेली ते कळतं. त्यातून त्यांनी जे सूत्र काढलं, त्यावर वाऱ्यामुळे थंडी किती बोचरी वाटेल हे सांगणारे तक्ते कित्येक दशकं चालले.

पण त्यांचे प्रयोग सेकंदाला सुमारे १२ मीटर वाऱ्यापर्यंतचे होते. तेच सूत्र पुढे ताणलं, तर २५ मीटरला ते कमाल गाठतं आणि त्यानंतर म्हणतं की वारा वाढला की थंडी कमी वाजेल! निसर्गात असं होत नाही. शिवाय नळकांडं म्हणजे माणसाचा चेहरा नव्हे. म्हणून २००१ मध्ये अमेरिका आणि कॅनडाने नवं सूत्र स्वीकारलं. त्यासाठी स्वयंसेवकांना थंड हवेच्या बोगद्यात चालायला लावून त्यांच्या चेहऱ्यांवरून जाणारी उष्णता मोजली होती. सिपल आणि पॅसेल यांचं मोजमाप प्रामाणिक होतं. फक्त त्या आकड्याला मोजमापाच्या कुंपणाबाहेर नेलं गेलं.

आमच्या कंपनीत कुणी प्रोग्रॅममध्ये 'एच बरोबर १०' असं लिहिलं, की मी शेजारी दोन गोष्टी लिहायला लावते. हा आकडा कुठे मोजला आणि कुठपर्यंत चालतो? सुरुवातीला तरुण मुलं वैतागतात, मग स्वतःच एकमेकांना विचारू लागतात.

आता आपल्या पत्र्याच्या खोल्या. पंखा एच वाढवतो, हे खरं. पण गुणाकारात तापमानाचा फरकही आहे. उन्हाळ्यात आपली त्वचा ३५ अंशांच्या आसपास असते. हवा ३० अंशांची असेल तर पंखा उष्णता काढून नेतो. विदर्भातल्या एप्रिलच्या दुपारी खोलीतली हवा ४२ अंशांवर गेली, तर फरकाचं चिन्ह उलटतं आणि तोच पंखा बाहेरची उष्णता अंगावर आणून सोडतो. मग फायदा उरतो तो फक्त घाम वाळण्याचा. एक ग्रॅम घाम वाळताना सुमारे ५८० कॅलरी घेऊन जातो, म्हणून आपल्याकडच्या कोरड्या हवेत ही मदत मोठी असते. पण त्यासाठी मुलांच्या अंगात पाणी हवं. ४० अंशांच्या वर पंखा अंग तापवतो, म्हणून त्याच्या खालीच वापरावा, ही जागतिक आरोग्य संघटनेची सूचना आहे.

दुसरी गोष्ट पत्र्याची. तापलेला पत्रा डोक्यावर असतो. त्याच्या खालची गरम हवा हलकी असल्यामुळे खाली येत नाही, वरच चिकटून राहते. म्हणजे अभिसरण तिथे मंद असतं आणि पत्र्याची धग मुख्यतः प्रारणाने डोक्यावर येते. तिला पंखा अडवू शकत नाही. उलट छताचा पंखा वरची गरम हवा ढवळून बाकांपर्यंत आणू शकतो.

म्हणून माझी विनंती अशी. पंख्यांचा ठराव आज पक्का करू नये. एप्रिलमध्ये दोन आठवडे नववीच्या मुलांनी चार तापमापी लावाव्यात. एक पत्र्याला टेकवून, एक पत्र्याखाली हातभर अंतरावर, एक बाकाच्या उंचीवर आणि एक बाहेर सावलीत. दर तासाला नोंद घ्यावी. एका खोलीच्या पत्र्याला वरून पांढरा चुना द्यावा, दुसरी आहे तशी ठेवावी. टेबलावरचे दोन पंखे मी आणून देते, ते चालू आणि बंद ठेवूनही नोंदी घेऊ. चुन्याने बाकाजवळचं तापमान पुरेसं उतरलं, तर आधी चुना आणि छताखाली आच्छादन करू. उरलेल्या पैशांत पिण्याच्या थंड पाण्याची सोय करू आणि मग पंखे. आकडे पंख्यांच्या बाजूने निघाले, तर पंख्यांच्या ठरावाला सर्वांत आधी माझाच हात वर होईल.

त्या खोल्यांत साठ-सत्तर मुलं बसतात. त्यांच्या बाकाच्या उंचीवर किती अंश असतात, हे आज आपल्यापैकी कुणालाच माहीत नाही. दोन आठवड्यांत ते माहीत होईल आणि मोजणारी मुलं अभिसरण कायमचं शिकतील. नोंदवहीचा तक्ता मी तयार करून आणला आहे. ज्यांना एप्रिलमध्ये एखादा दिवस देता येईल, त्यांनी जेवणाच्या सुट्टीत माझ्याकडे नाव द्यावं.