माल तयार, पण दुकान कुणाचं?

सयांनो, आज बचतीच्या हिशोबाला सुट्टी. आज बोलू दादा कोंडक्यांविषयी. हसू नका, विषय आपल्याच कामाचा आहे.

दादा म्हणजे मुंबईच्या गिरणगावात वाढलेला, गिरणी कामगाराचा मुलगा कृष्णा. मूळ गाव भोरकडचं इंगवली. काही काळ त्यांनी अपना बाजार या सहकारी दुकानात नोकरी केली. सेवादलाच्या कलापथकात कामं केली. मग वसंत सबनिसांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य आलं आणि त्याचे हजाराच्या वर प्रयोग झाले. आशा भोसल्यांनी भालजी पेंढारकरांना दादांचं नाव सुचवलं आणि १९६९ च्या ‘तांबडी माती’त ते पडद्यावर दिसले.

दुसऱ्याच्या सिनेमात कामं करत राहिले असते तरी चाललं असतं. पण १९७१ मध्ये त्यांनी ‘सोंगाड्या’ स्वतः काढला. साधाभोळा नाम्या, त्याची कडक आये आणि तमाशातली कलावती.

सिनेमा तयार झाला, पण दादरच्या कोहिनूर थिएटरनं तो लावायला नकार दिला. त्यांना देव आनंदचा हिंदी सिनेमा हवा होता. आपल्या पापड-मसाल्याचं असंच होतं की नाही? माल चोख, पण दुकानदार म्हणतो, “ठेवून जा, खपला तर पैसे.” आणि ठेवतो कुठं, तर मागच्या फळीवर, कंपनीच्या पाकिटांआड! दादा बाळासाहेब ठाकऱ्यांकडे गेले, शिवसैनिक थिएटरवर धडकले, तेव्हा कुठं सिनेमा लागला. म्हणजे ओळख कामी आली, हे मान्य करायला हवं. आपल्या पाठीशी एवढं मोठं कोण उभं राहणार? पण एकदा लागल्यावर तो चालवला तो तिकीट काढणाऱ्या माणसांनी. पुढं ओळीनं नऊ सिनेमे पंचवीस आठवडे चालले, गिनीज बुकात नोंद झाली.

मला आवडते ती त्यांची माणसं धरून ठेवायची रीत. नायिका बहुतेक वेळा उषा चव्हाण, आये रत्नमाला, गायला उषा मंगेशकर आणि महेंद्र कपूर, ‘पांडू हवालदार’पासून संगीत राम-लक्ष्मण. जमलेला गट त्यांनी सहसा मोडला नाही. आपल्याकडे दोन बैठका चुकल्या की लगेच नाव कापायची भाषा सुरू होते!

आता द्व्यर्थी बोलण्याचं. सेन्सॉरशी त्यांची कायम झटापट. आमच्या गटात यावरून दोन तट आहेत. एकीचं म्हणणं, जात्यावर आणि हळदीला आपण काय कमी बोलतो? दुसरी म्हणते, ते बायाबायांत असतं, इथं सगळं थिएटर बाईकडे बघून हसतं. मला दुसरीचं पटतं. ‘सोंगाड्या’ मी सासूबाईंबरोबर बघते. त्यांचे नंतरचे काही सिनेमे लेकीसमोर लावत नाही.

तुमच्या गटाचा माल कुठं अडलाय, ते केंद्रावर येऊन सांगा. पुढच्या वेळी आठवडी बाजारात गटाची स्वतःची जागा कशी मिळवायची, त्यावर बोलू.