वाट कोणतीही असो, पद एकच

जिल्ह्याजिल्ह्यांतून आलेल्या माझ्या निवृत्त न्यायाधीश बंधू-भगिनींनो,

आज मला एकाच प्रश्नावर बोलायचे आहे. आयुष्यभर इतरांचे दावे निकाली काढणाऱ्याला स्वतःच्या पेन्शनसाठी दावेदार का व्हावे लागते?

पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, हे १७ डिसेंबर १९८२ रोजीच ठरले आहे. डी. एस. नकारा खटल्यात सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने पेन्शन हा केलेल्या सेवेतून आलेला हक्क असल्याचा निर्वाळा दिला. हक्क मान्य झाला. भांडण उरले ते मोजणीचे.

उच्च न्यायालयात कोणी वकिलीतून येतो, कोणी जिल्हा न्यायालयातून. उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांच्या सेवाशर्तींविषयीच्या १९५४ च्या कायद्याने दोघांच्या पेन्शनची मोजणी वेगळी ठेवली. वकिलीतून आलेल्यांची सेवेची वर्षे कमी भरत. २०१४ मध्ये पी. रामकृष्णम राजू खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या सेवेत वकिलीची दहा वर्षे धरायला लावली. जिल्हा न्यायालयातून आलेल्यांची अडचण निराळी होती. न्यायमूर्ती राज राहुल गर्ग जिल्हा न्यायाधीश म्हणून निवृत्त झाल्या आणि काही आठवड्यांनी पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयात रुजू झाल्या. मधल्या खंडावर बोट ठेवून त्यांना उच्च न्यायालयाच्या पगारावरची पेन्शन नाकारली गेली. मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने कौल दिला.

१९ मे २०२५ रोजी अमरावतीचे सुपुत्र, सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने या वादाच्या मुळालाच हात घातला. हिशेब कोणालाही समजावा इतका सरळ आहे. उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाचा पगार दरमहा २ लाख २५ हजार, म्हणजे वर्षाला २७ लाख. त्याच्या निम्मे, १३ लाख ५० हजार रुपये, ही वर्षाची पूर्ण पेन्शन. मुख्य न्यायमूर्तींना १५ लाख. वकिलीतून आलात की सेवेतून, कायम होता की अतिरिक्त, किती वर्षे बसलात, नव्या पेन्शन योजनेत होता की जुन्या, यांवर आता काही अवलंबून नाही.

तरीही एकेका शब्दावरून वाद होतातच. वयाच्या ऐंशीला मिळणारी जादा पेन्शन ऐंशीवे वर्ष लागल्यावर द्यायची की ऐंशी पूर्ण झाल्यावर? २०१८ मध्ये गुवाहाटी उच्च न्यायालयाने ऐंशीवे लागल्यापासून द्या, असे सांगितले. २०२१ मध्ये संसदेने कायदा दुरुस्त करून ऐंशी पूर्ण होण्याची अट स्पष्ट केली. उतारवयातले एक वर्ष केवढे मोठे असते, हे या सभागृहात कोणी कोणाला सांगायला नको.

मित्रहो, उच्च न्यायालयापुरता प्रश्न बराच सुटला. खालच्या पायरीवरचे काय? जिल्हा न्यायाधीशांना दीर्घ सेवेनंतर १९-२० हजारांची पेन्शन मिळते, यावर २०२४ मध्ये सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांनी भर न्यायालयात चिंता व्यक्त केली होती. दुसऱ्या राष्ट्रीय न्यायिक वेतन आयोगाच्या पेन्शनविषयक शिफारशी सर्वोच्च न्यायालयाने १९ मे २०२३ रोजी स्वीकारल्या. पण निकाल लागणे आणि रक्कम खात्यात पडणे यांत फाइलींची अनेक टेबले असतात. त्या टेबलांमागे धावण्याचे वय आपल्यापैकी अनेकांचे राहिलेले नाही, आणि दिवंगत सहकाऱ्यांच्या पत्नींना तर कोणत्या टेबलाशी जायचे हेही कोणी सांगत नाही.

निकाल देताना ज्याने सरकारची भीड बाळगली नाही, त्याला म्हातारपणी त्याच सरकारची मनधरणी करायला लावणे हा न्यायव्यवस्थेच्या स्वातंत्र्यावरच घाला आहे. आज खुर्चीवर बसलेला तरुण न्यायाधीश आपल्याकडे पाहतो आहे आणि उद्या आपले काय होणार, हे त्यातून ताडतो आहे.

म्हणून माझ्या तीन मागण्या आहेत. निवृत्तीच्या दिवशी पेन्शनचा आदेश हातात पडावा. एकाच्या बाजूने लागलेला निकाल तशाच परिस्थितीतल्या सर्वांना अर्जाविना लागू व्हावा. आणि तिसरी : ४ जानेवारी २०२४ च्या निकालाने प्रत्येक उच्च न्यायालयात जिल्हा न्यायव्यवस्थेच्या सेवाशर्तींसाठी समिती नेमायला सांगितले आहे, तिच्यापुढे कुटुंब निवृत्तिवेतनाची प्रकरणे सर्वांत आधी यावीत. या तिन्ही मागण्यांचा ठराव आज आपण एकमताने मंजूर करावा, आणि आपापल्या जिल्ह्यातली रखडलेली प्रकरणे गोळा करून त्या समितीपर्यंत पोहोचवण्याची जबाबदारी प्रत्येकाने अंगावर घ्यावी, अशी माझी कळकळीची विनंती आहे.